एका २५ एप्रिलपासून दुसऱ्या २५ एप्रिलपर्यंत

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आजच्या व्याख्यानासाठी मी पोर्तुगालमधील एका वर्षाचा विषय घेतला आहे. पोर्तुगाल म्हटले की महाराष्ट्रातल्या आणि गोव्यातल्या माणसाला आग्वादचा तुरुंग आठवतो; १९५५ सालच्या १५ ऑगस्टला निःशस्त्र सत्याग्रहींवर झालेला गोळीबार आठवतो; सेनापती बापट, नानासाहेब गोरे, शिरूभाऊ लिमये, मधु लिमये ही नावे आठवतात. ज्या राजवटीने आपल्या माणसांची डोकी फोडली, त्या राजवटीखाली खुद्द पोर्तुगीज जनताही चिरडली जात होती, याचा विचार मात्र आपल्याकडे थोडाच झाला. ती राजवट २५ एप्रिल १९७४ रोजी कोसळली आणि बरोबर एक वर्षाने, २५ एप्रिल १९७५ रोजी, तेथील जनतेने आपली घटना समिती निवडली. या बारा महिन्यांत जे घडले, त्याचा आपल्या चळवळीशी निकटचा संबंध आहे. तो कोणता, हे मी आज आपणांपुढे मांडणार आहे.

प्रथम पार्श्वभूमी पाहू. २८ मे १९२६ रोजी लष्कराने पोर्तुगालमधील प्रजासत्ताक मोडून काढले. १९२८ साली अर्थशास्त्राचे एक प्राध्यापक, आंतोनियो सालाझार, अर्थमंत्री झाले. १९३२ साली ते पंतप्रधान झाले आणि १९३३ साली त्यांनी 'नव्या राज्या'ची घटना आणली. पक्षांना बंदी, वृत्तपत्रांना पूर्वतपासणी, संपाला मनाई, आणि या सर्वांवर पहारा करणारे गुप्त पोलीस, असा हा कारभार होता. आलेंतेजो प्रांतातील बालेझांव या गावी १९५४ साली कातारिना एउफेमिया नावाची शेतमजूर स्त्री कापणीच्या मजुरीत वाढ मागण्यासाठी इतर बायांबरोबर पुढे गेली, तेव्हा तिला सशस्त्र पोलिसांनी गोळ्या घातल्या. जनरल उंबेर्तो देल्गादो यांनी १९५८ साली राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत राजवटीला आव्हान दिले. १९६५ साली गुप्त पोलिसांनी स्पेनच्या हद्दीत त्यांचा खून केला. १९६८ साली सालाझार आजारी पडून अधिकारावरून दूर झाले आणि मार्सेलो काएतानो पंतप्रधान झाले. माणूस बदलला, गुप्त पोलिसांचे नावही बदलले. कारभार तोच राहिला.

ही राजवट अठ्ठेचाळीस वर्षे टिकली. ती पडली कशामुळे? लिस्बनमधील कम्युनिस्टांनी आणि समाजवाद्यांनी, विद्यार्थ्यांनी आणि कामगारांनी तिच्याशी दीर्घकाळ झुंज दिली, तुरुंग भोगले, देशांतर पत्करले. त्यांच्या त्यागाला मी तिळमात्र उणेपणा आणू इच्छित नाही. परंतु तिच्या पायाखालची जमीन सरकली ती गोव्यात, अंगोलात, गिनीत आणि मोझांबिकमध्ये. वसाहतींना 'सागरापलीकडील प्रांत' असे नाव देऊन सालाझार म्हणत असत की पोर्तुगाल हा एकच अखंड देश आहे. या दाव्यावर पहिला मोठा घाव डिसेंबर १९६१ मध्ये पडला. भारतीय सेना गोव्यात शिरली तेव्हा, शेवटच्या माणसापर्यंत लढा, असा सालाझारांचा हुकूम होता. गव्हर्नर जनरल व्हासालो ई सिल्व्हा यांनी तो मानला नाही. सुमारे साडेतीन हजार सैनिकांना व्यर्थ मारण्यापेक्षा त्यांनी शरणागती पत्करली. त्याचे बक्षीस म्हणून त्यांना लष्करातून बडतर्फ करण्यात आले. आपण राजकीय तोडगा काढायचा नाही आणि पराभवाचे खापर मात्र सैनिकांच्या माथी फोडायचे, ही राजवटीची रीत पोर्तुगीज अधिकाऱ्यांनी त्या वेळी पाहिली आणि ती ते विसरले नाहीत.

अंगोलात १९६१ साली, गिनीत १९६३ साली आणि मोझांबिकमध्ये १९६४ साली सशस्त्र लढे सुरू झाले. जेमतेम नव्वद लाख वस्तीचा, युरोपातील दरिद्री देशांत गणला जाणारा हा देश तीन आघाड्यांवर तेरा वर्षे लढत राहिला. एका वेळी लाखाहून अधिक सैनिक आफ्रिकेत अडकून पडले. खेड्यातील तरुण सक्तीच्या लष्करी नोकरीत चार-चार वर्षे घालवू लागले, किंवा ती चुकविण्यासाठी रात्री डोंगर ओलांडून फ्रान्सची वाट धरू लागले. आठ हजारांहून अधिक पोर्तुगीज सैनिक या युद्धांत मेले. आफ्रिकन माणसे किती मेली, याची नीट मोजदादही कोणी ठेवली नाही. गिनीच्या लढ्याचे नेते आमिल्कार काब्राल यांचा जानेवारी १९७३ मध्ये खून झाला, तरी त्यांच्या पक्षाने त्याच वर्षी २४ सप्टेंबरला स्वातंत्र्य जाहीर केले.

याच सप्टेंबरात पोर्तुगीज कप्तानांची पहिली गुप्त बैठक झाली. येथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. ही बैठक लोकशाहीसाठी भरलेली नव्हती. अधिकाऱ्यांचा तुटवडा पडल्याने सरकारने सक्तीच्या भरतीतून आलेल्यांना झटपट बढती देण्याचा फतवा काढला होता आणि कायम नोकरीतील कप्तानांची सेवाज्येष्ठता त्यामुळे धोक्यात आली होती. ज्येष्ठतेच्या तक्रारीतून सुरू झालेला विचार काही महिन्यांत युद्धाच्या प्रश्नापर्यंत आणि युद्धाच्या प्रश्नावरून राजवटीच्या प्रश्नापर्यंत पोहोचला. आपल्या कामगार संघटनांतील साथींनी हे ध्यानात ठेवावे. पगाराची आणि बढतीची मागणी क्षुद्र म्हणून हिणवू नये. नीट विचार करणाऱ्या माणसाला तीच मागणी पुष्कळ दूरवर घेऊन जाते.

आता २५ एप्रिलची ती पहाट. मध्यरात्रीनंतर वीस मिनिटांनी रेडिओवर जुझे आफोन्सो यांचे 'ग्रांदोला' हे गीत वाजले. आलेंतेजोतील एका श्रमिक गावावरचे हे गीत म्हणजे पलटणींना बाहेर पडण्याची खूण होती. मेजर ओतेलो साराइवा द कार्वाल्यो लिस्बनजवळच्या एका छावणीतून सूत्रे हलवीत होते. सांतारें येथील घोडदळाच्या शाळेतून एकोणतीस वर्षांचे कप्तान साल्गेरो माया आपली तुकडी घेऊन राजधानीत शिरले. सकाळी नदीकाठच्या रस्त्यावर सरकारनिष्ठ रणगाडे त्यांच्यासमोर आले. त्यांच्या ब्रिगेडियरने गोळीबाराचा हुकूम दिला. कनिष्ठ अधिकाऱ्याने नकार दिला. मग हुकूम रणगाड्यातील एका साध्या कॉर्पोरलला दिला गेला, तर त्याने झाकण ओढून स्वतःला आत कोंडून घेतले. नदीत उभ्या असलेल्या युद्धनौकेनेही तोफ डागली नाही. क्रांतीच्या इतिहासात सेनापतींची नावे येतात, परंतु त्या दिवशी पोर्तुगालचे भवितव्य काही क्षण तरी त्या कॉर्पोरलच्या हाती होते.

लोकांनी घरीच थांबावे, असे क्रांतिकारकांचे रेडिओवरील आवाहन होते. लोकांनी ते मानले नाही. हजारोंनी ते रस्त्यावर उतरले, त्यांनी सैनिकांना भाकरी दिली, सिगारेटी दिल्या, आणि एका उपाहारगृहात काम करणाऱ्या बाईने जवळची कार्नेशनची फुले दिली, ती बंदुकांच्या नळ्यांत खोचली गेली. संध्याकाळी काएतानो यांनी कार्मोच्या छावणीत जनरल स्पिनोला यांच्याकडे सत्ता सोपविली. त्या दिवशी रक्त सांडले ते गुप्त पोलिसांच्या कचेरीसमोर. आतून झालेल्या गोळीबारात चार नागरिक ठार झाले. दोन दिवसांत काशियास आणि पेनिशे येथील तुरुंगांची दारे उघडली. पेनिशेच्या याच किल्ल्यात १९४६ च्या आंदोलनानंतर त्रिस्तांव ब्रागांझा कुन्हा यांच्यासारखे गोव्याचे स्वातंत्र्यसैनिक डांबले गेले होते. काशियासमध्ये मोहन रानडे १९६९ पर्यंत होते. ते तुरुंग रिकामे झाले, ही बातमी गोव्यातल्या अनेक घरांना परकी वाटली नसेल.

इथून पुढच्या वर्षात नेतृत्वाची खरी परीक्षा झाली. पहिली कसोटी वसाहतींची होती. राष्ट्राध्यक्ष झालेले जनरल स्पिनोला हे गिनीत लढलेले सेनानी. युद्ध जिंकता येणार नाही, हे त्यांनी आपल्या पुस्तकात उघडपणे लिहिले होते; परंतु वसाहती सोडाव्यात, हे त्यांना मान्य नव्हते. त्यांना पोर्तुगालच्या छत्राखाली एक संघराज्य हवे होते. उलट, तरुण अधिकाऱ्यांनी आणि डाव्या पक्षांनी ओळखले होते की, आफ्रिकेत हुकूमशाही आणि लिस्बनमध्ये लोकशाही असा दुहेरी संसार चालणार नाही. २७ जुलै १९७४ च्या कायद्याने वसाहतींचा स्वातंत्र्याचा हक्क मान्य झाला. सप्टेंबरमध्ये गिनी-बिसाऊला मान्यता मिळाली आणि मोझांबिकच्या मुक्तिआघाडीशी लुसाका येथे करार झाला. 'मूक बहुमता'च्या नावाने मोर्चा काढून प्रवाह मागे वळविण्याचा स्पिनोलांच्या समर्थकांचा बेत फसला आणि ३० सप्टेंबरला त्यांनी राजीनामा दिला. त्यांच्या जागी जनरल कोस्टा गोमेस आले; पंतप्रधानपदी जुलैपासून वास्को गोन्साल्विस होते.

त्या वर्षाच्या अखेरीस, ३१ डिसेंबर १९७४ रोजी, पोर्तुगालचे परराष्ट्रमंत्री, समाजवादी नेते मारिओ सोआरिस, नवी दिल्लीत आले आणि गोवा, दमण, दीव, दादरा व नगरहवेली यांवरील भारताचे सार्वभौमत्व मान्य करणाऱ्या करारावर त्यांनी सही केली. भारताच्या वतीने सही करणारे परराष्ट्रमंत्री होते यशवंतराव चव्हाण. तेरा वर्षे जे सत्य एका राजवटीच्या तोंडून निघत नव्हते, ते राजवट जाताच आठ महिन्यांत कागदावर आले. गोव्यातील जनतेचे भांडण पोर्तुगीज राजवटीशी होते, पोर्तुगीज जनतेशी नव्हते, हे याहून स्पष्ट कसे व्हावे?

दुसरी कसोटी संपत्तीची होती. मे १९७४ मध्ये ३,३०० एस्कुदोंचे किमान वेतन जाहीर झाले. संपाचा हक्क मिळाला. स्त्रियांना न्यायाधीश होण्याची वाट प्रथमच मोकळी झाली. ११ मार्च १९७५ रोजी स्पिनोलांच्या बाजूच्या लष्करी गटाने उठाव केला. तो काही तासांत फसला आणि स्पिनोला स्पेनमध्ये पळाले. त्याला उत्तर म्हणून तीन-चार दिवसांत बँकांचे आणि विमा कंपन्यांचे राष्ट्रीयीकरण झाले. मूठभर घराण्यांच्या हाती एकवटलेले अर्थकारण राज्याकडे आले. आलेंतेजोत भूमिहीन मजुरांनी मोठ्या जमीनदारांच्या जमिनींचा ताबा घेण्यास सुरुवात केली. पुढे हे क्षेत्र दहा लाख हेक्टरांवर गेले. कातारिना एउफेमियाच्या गावावरही आता नवे दिवस उगवत होते.

आणि तिसरी कसोटी सर्वांत कठीण. सैन्याधिकाऱ्यांनी पहिल्याच दिवशी वचन दिले होते की वर्षाच्या आत निवडणुका घेऊ. पण वर्ष संपत आले तेव्हा सत्ता त्यांच्या हाती होती, बंदुका त्यांच्या होत्या, बँका नुकत्याच राज्याच्या झाल्या होत्या, आणि त्यांच्यातील पुष्कळांना असे प्रामाणिकपणे वाटत होते की, लोक अजून तयार नाहीत. पन्नास वर्षांच्या अंधारात वाढलेला, ज्याच्यातील चौथा भाग निरक्षर आहे असा समाज पाद्र्यांच्या आणि जमीनदारांच्या सांगण्यावरून मत देईल. मग क्रांतीचे काय? काही अधिकाऱ्यांनी तर, निवड करता येत नसेल तर कोरी मतपत्रिका टाका, असा सल्ला जनतेला दिला.

साथींनो, हा युक्तिवाद आपण आपल्याकडेही ऐकला आहे. लोक अडाणी आहेत, त्यांना आधी शिकवू, मग विचारू, असे म्हणणाऱ्यांची शिकवणी कधीच पुरी होत नाही.

तरीही वचन पाळले गेले. २५ एप्रिल १९७५ रोजी सकाळपासून मतदानकेंद्रांपुढे रांगा लागल्या. आयुष्यात कधी मत न दिलेल्या म्हाताऱ्या बाया त्यांत होत्या. नव्वद टक्क्यांहून अधिक मतदारांनी मत दिले. कोऱ्या आणि बाद मतांचे प्रमाण सात टक्क्यांच्या आसपासच राहिले. समाजवादी पक्षाला सुमारे ३८ टक्के, लोकशाहीवादी मध्यममार्गी पक्षाला २६ टक्के, तर तुरुंगांत आणि भूमिगत राहून सर्वाधिक झीज सोसलेल्या कम्युनिस्ट पक्षाला साडेबारा टक्के मते पडली. ज्यांना अडाणी म्हटले गेले, त्यांनी जुन्या राजवटीकडे पाठ फिरविली आणि नव्या एकाधिकारालाही नकार दिला.

यानंतरचा उन्हाळा तप्त होता. कम्युनिस्ट नेते आल्वारो कुन्याल यांचा त्याग निर्विवाद आहे. अकरा वर्षे ते तुरुंगात होते आणि १९६० साली पेनिशेच्या किल्ल्यातून निसटले होते. परंतु मतपेटीने दिलेल्या बळापेक्षा अधिक बळ त्यांच्या पक्षाने कामगार संघटनांतून, वृत्तपत्रांतून आणि लष्करातून मिळविण्याचा मार्ग धरला. समाजवाद्यांकडे झुकलेले 'रेपुब्लिका' हे दैनिक मे १९७५ मध्ये छापखान्यातील कामगारांनी ताब्यात घेतले. सोआरिस जुलैत सरकारबाहेर पडले. दुसऱ्या बाजूला उत्तरेकडे कम्युनिस्टांच्या कचेऱ्या जाळल्या गेल्या, हेही विसरता कामा नये. २५ नोव्हेंबरला डाव्या तुकड्यांचा उठाव मोडण्यात आला आणि त्यात कर्नल रामाल्यो एआनिस पुढे आले. त्याही दिवशी पक्षांवर बंदी घालण्याचा मोह विजेत्यांनी टाळला. कम्युनिस्ट पक्ष घटना समितीत राहिला आणि २ एप्रिल १९७६ रोजी मंजूर झालेल्या घटनेच्या बाजूने त्याने मत दिले.

याच काळात आपल्याकडे काय घडत होते? २५ जून १९७५ रोजी मोझांबिक स्वतंत्र झाले. मापुतोत साडेचारशेहून अधिक वर्षांची सत्ता संपल्याचा जल्लोष होता. त्याच तारखेच्या रात्री दिल्लीत आणीबाणी पुकारली गेली. लिस्बनने तुरुंग रिकामे केले, दिल्लीने भरले. सालाझारांच्या पोलिसांनी ज्यांना गोव्याच्या तुरुंगात टाकले होते, ते मधु लिमये स्वतंत्र भारताच्या तुरुंगात गेले. स्वातंत्र्य एकदा मिळाले की ते कायम राहते, या समजुतीला आपल्या पिढीने दिलेली ती किंमत होती.

त्या वर्षाने पोर्तुगालला सर्व काही दिले, असे मी म्हणणार नाही. वसाहती सोडण्याचा निर्णय योग्य होता, पण तो तेरा वर्षे उशिरा झाला आणि त्या उशिराची किंमत इतरांनी मोजली. अंगोलात ११ नोव्हेंबर १९७५ च्या स्वातंत्र्याबरोबरच यादवी भडकली, ती २००२ पर्यंत चालली. पूर्व तिमोर डिसेंबर १९७५ मध्ये इंडोनेशियाने गिळंकृत केले. आफ्रिकेतून सुमारे पाच लाख माणसे गाठोडी घेऊन लिस्बनच्या धक्क्यावर उतरली. आलेंतेजोतील जमिनी १९७७ च्या कायद्यानंतर हळूहळू जुन्या मालकांकडे परतल्या. राष्ट्रीयीकरण अपरिवर्तनीय आहे, हे कलम १९८९ च्या दुरुस्तीने गेले. समाजवादी समाजाकडे जाण्याचा उल्लेख घटनेच्या प्रास्ताविकात राहिला आहे. शब्द राहिले, वाट बुजली.

आणि तरीही १९७९ साली उभी राहिलेली राष्ट्रीय आरोग्यसेवा आहे. १९७४ साली हजारी सुमारे अडतीस बालके वर्षाच्या आत दगावत असत. आता हा आकडा तीनच्या आसपास आला आहे. ज्या मातेचे मूल जगले, तिला क्रांतीने काय दिले, हे वेगळे सांगावे लागत नाही.

कप्तान साल्गेरो माया यांच्याविषयी सांगून मी संपवितो. काएतानोंची शरणागती घडवून आणणाऱ्या या माणसाने नंतर कोणतेही मोठे पद घेतले नाही. तो आपल्या पलटणीकडे परतला. १९९२ साली कर्करोगाने तो गेला. त्याने मागितलेले विशेष निवृत्तिवेतन शासनाने त्याला दिले नव्हते. त्याच सुमारास जुन्या गुप्त पोलीस दलातील दोघांना मात्र ते मिळाले. देश आपल्या उपकारकर्त्यांना किती लवकर विसरतो, हे यावरून दिसते. विस्मरणाचे पुढचे फळही दिसू लागले आहे. क्रांतीच्या पन्नासाव्या वर्षी, मार्च २०२४ च्या निवडणुकीत, पोर्तुगालमधील अतिउजव्या पक्षाने पन्नास जागा मिळविल्या आणि मे २०२५ मध्ये साठ जागा घेऊन समाजवाद्यांना मागे टाकले.

म्हणून साथींनो, त्या वर्षाकडे आपण उत्सवाच्या नजरेने पाहू नये. दुसऱ्या समाजाला गुलाम ठेवून कोणताही समाज स्वतः मोकळा राहू शकत नाही, हे त्याने दाखविले. ज्यांच्या हाती बंदूक होती, त्यांनी ती ठरल्या दिवशी खाली ठेवून लोकांचा कौल घेतला, हेही दाखविले. आणि ज्या शेतमजुरापर्यंत, ज्या मजुरापर्यंत ही लोकशाही जमिनीच्या आणि भाकरीच्या रूपाने पोहोचत नाही, तिथे तिचे शत्रू पुन्हा घर करतात, हे नंतरच्या वर्षांनी दाखविले. यातील पहिल्या दोन गोष्टी त्या पिढीने केल्या. तिसरी अपुरी राहिली आहे, तेथे आणि येथेही. ती आपल्या वाट्याची आहे.